त्या शिफ्टवर आहेत

मा. संपादक,
सप्रेम नमस्कार.

मागच्या रविवारी आपल्या पुरवणीत एकेकाळी गाजलेल्या आणि आता विस्मरणात गेलेल्या मराठी अभिनेत्रींवर पानभर लेख आला. लेख आदराने लिहिलाय, फोटोही छान निवडलेत. पण 'सध्या त्या फारशा कुठे दिसत नाहीत' असं ज्यांच्याबद्दल लिहिलंय, त्यांतल्या एक ताई त्याच रविवारी सकाळी सात वाजता घोडबंदर रोडच्या सेटवर माझ्यासमोरच्या खुर्चीत बसल्या होत्या आणि मी त्यांचा अंबाडा घालत होते. मी मालिका-सिनेमात हेअरड्रेसर आहे. आयुष्याचा मोठा भाग मेकअप रूममध्येच गेला. ताईंचे त्या दिवशी पाच सीन होते. मालिका रोज रात्री लागते, आपल्या वाचकांपैकी कितीतरी घरांत ती बघत असतील. तरीही त्या दिसत नाहीत असं छापून येतं, याचं मला फार वाईट वाटलं. म्हणून हे पत्र. ते लांबणार आहे. जागेअभावी कापावं लागलं तर जरूर कापा, पण पैशांचा आणि कराराचा भाग तेवढा ठेवा.

नायिका सोडून बाकीच्या बायकांचं मालिकेतलं काम कसं चालतं ते आधी सांगते. सीनचे कागद आदल्या रात्री मिळाले तर ती चैन. बहुतेक वेळा सकाळी मेकअप चालू असतानाच व्हॉट्सॲपवर येतात आणि वर लिहिलेलं असतं, 'बदल होऊ शकतो'. चार पानांचा सीन, त्यात सासूचं एक लांबलचक भाषण. या ताईंची पद्धत अशी की त्या स्वतःची वाक्यं आधी वाचतच नाहीत, समोरच्याची वाचतात. तो काय म्हणतोय ते डोक्यात बसलं की आपलं काय ते मागोमाग येतं, असं त्यांचं म्हणणं. मी गंगावन लावता लावता क्यू देते, म्हणजे समोरच्याची वाक्यं वाचते. तोंडात आकडे धरून क्यू देता येत नाही, म्हणून ते ओढणीच्या काठाला अडकवून ठेवते. दोन-तीनदा वाचून झालं की ताई फोन पालथा ठेवतात. साठी उलटलेली बाई, पाऊण तासात चार पानं पाठ. आणि मग सेटवर पाऊल टाकताच दिग्दर्शक म्हणतो, 'ताई, चॅनेलचा फोन आला होता, भाषण काढलंय. तुम्ही फक्त रागाने आत जा.' त्या आत जातात. पण अशा काही पाठ फिरवून जातात की भाषण कापलंय हे बघणाऱ्याला कळतसुद्धा नाही.

क्लोजचं, म्हणजे एकेकाचा चेहरा जवळून घेतात त्या शॉटचं, काम त्याहून अवघड. आधी मास्टर शॉट होतो, सगळं कुटुंब दिवाणखान्यात उभं. मग एकेकाचे क्लोज. नायक-नायिकेला पुढच्या सीनला किंवा प्रमोशनला सोडायचं असतं म्हणून त्यांचे आधी. ताईंची पाळी जेवणानंतर, कधी दिवेलागणीला. तोवर ज्याच्याशी भांडायचं तो घरी पोचलेला असतो. कॅमेऱ्याशेजारी एक असिस्टंट उभा राहून सपाट आवाजात त्याची वाक्यं वाचतो आणि ताईंच्या डोळ्यांत नेमकं त्याच वाक्याला पाणी येतं, जिथे सकाळी मास्टरमध्ये आलं होतं. मला हे ठाऊक आहे कारण केसांची कंटिन्यूइटी मी सांभाळते. कपाळावरची बट किती, अंबाडा किती वर, गजरा कुठल्या बाजूला. गजरा आम्ही कापडी लावतो, खरा दुपारपर्यंत मान टाकतो आणि शॉट जुळत नाही. या सगळ्याचे फोटो माझ्या मोबाइलमध्ये असतात. चेहऱ्यावरच्या भावाची कंटिन्यूइटी मात्र ज्याची त्याने ठेवायची, तिची नोंद कुणी ठेवत नाही. बारा तासांनी पॅकअप झाल्यावर मी आकडे काढते तेव्हा ताईंच्या टाळूवर लाल वळ उठलेले असतात. त्यावर मी थोडं खोबरेल दाबते, तेवढ्या वेळात त्या उद्याचा कॉल टाइम बघून घेतात.

आपल्याकडे मालिकांबद्दल जे छापून येतं त्यात यातलं काही नसतं. साड्यांचे ट्रेंड असतात, कथेतली वळणं असतात, नायिकेच्या लग्नाचे फोटो असतात. सिनेमाच्या परीक्षणात निदान 'सहायक भूमिकेत अमुक यांनी छान साथ दिली' एवढी एक ओळ तरी येते.

आता लीप. टीआरपी घसरला की कथा एकदम पंधरा-वीस वर्षं पुढे उडी मारते. काल नायिका असलेली मुलगी आज कॉलेजात जाणाऱ्या मुलीची आई होते. अशीच एक तिशी नुकतीच ओलांडलेली मुलगी माझ्यासमोर बसली होती. कानशिलांवर ब्रशने पांढरं लावायचं होतं. वरून निरोप असा की आई दिसली पाहिजे, पण म्हातारी दिसता कामा नये. मी एकेक बट उचलून रंगवत होते आणि ती आरशातून मला विचारत होती, 'मावशी, हे केल्यावर मला परत हिरोइनचं काम देतील का गं?' मी म्हटलं, 'अवघड आहे बाळा.' दुसरं काय सांगणार? तिच्या नवऱ्याचं काम करणारा नट चाळिशीचा होता. वीस वर्षं उलटली म्हणून त्याला फक्त चष्मा दिला. मालिका संपल्यावर तो दुसरीकडे पुन्हा नायक झाला, समोर पंचविशीतली मुलगी. आणि हिला ज्या ज्या कामांसाठी फोन आले ती सगळी आईची. ती कामं ती करते, जीव ओतून करते. पण प्रेमात पडणारी, नोकरी सोडून जाणारी, स्वतःसाठी काही मागणारी अशी बाई तिला त्यानंतर कुणी दिली नाही.

हे आजचं नाही. रीमा लागूंचा जन्म १९५८ चा. १९८९ साली 'मैंने प्यार किया' आला तेव्हा त्या एकतीस वर्षांच्या होत्या आणि त्यात त्यांचा मुलगा झालेला सलमान खान त्यांच्यापेक्षा जेमतेम सात वर्षांनी लहान. दहा वर्षांनी 'वास्तव'मध्ये त्या संजय दत्तच्या आई झाल्या. त्यांच्या वयात एका वर्षाचंच अंतर आहे. ऐन तिशीत आईचा शिक्का बसला, त्याचं रीमाताईंनी काय केलं ते बघा. हिंदी सिनेमातली आई तोवर बहुतेक देवापुढे हात जोडून रडायची. यांची आई हसायची, मुलाची मैत्रीण व्हायची, आणि 'वास्तव'मध्ये तर मुलाच्या यातना बघवेनात म्हणून स्वतःच्या हाताने त्याला गोळी घालते. तो शॉट नीट बघितला तर त्या हातात आईपण किती आहे ते कळतं. त्याच बाईंनी 'तू तू मैं मैं'मध्ये सासूचं काम करून लोकांना पोट धरधरून हसवलं. आणि त्याआधी मराठी रंगभूमीवर 'पुरुष' आणि 'सविता दामोदर परांजपे' गाजवलेलं होतं. १८ मे २०१७ ला त्या गेल्या तेव्हा त्यांची हिंदी मालिका चालू होती, आदल्या दिवशीपर्यंत त्या शूटिंग करत होत्या. वय ५८. दुसऱ्या दिवशी बहुतेक ठिकाणी 'पडद्यावरची आई हरपली' एवढंच वाचायला मिळालं.

रीमाताईंच्या पिढीबद्दल आणखी एक गोष्ट लिहायला हवी, ती सहसा कुणी लिहीत नाही. त्यांनी युनियन बँकेत दहा वर्षं नोकरी केली. त्या काळात मराठी नाटकातली कितीतरी मंडळी बँकेत, एलआयसीत, रेल्वेत नोकरीला असायची. आंतरबँक नाट्यस्पर्धा व्हायच्या, त्यातून माणसं घडायची. दिवसा नोकरी, संध्याकाळी तालीम, शनिवार-रविवार प्रयोग. एक तारखेला पगार, प्रॉव्हिडंट फंड, ग्रॅच्युइटी, बाळंतपणाची रजा. माझ्या मते मराठी अभिनेत्रीला सगळ्यात मोठा आधार कुणी दिला असेल तर तो या नोकरीने. कारण तिच्या जोरावर तिला नको असलेल्या कामाला नाही म्हणता येत होतं. रोजच्या मालिकांनी ही सोय मोडीत काढली. १९९९ ला अल्फा मराठी आलं, पाठोपाठ ई टीव्ही मराठी, २००८ ला स्टार प्रवाह. काम भरपूर वाढलं. पूर्वी ज्या मुली हौस म्हणून नाटक करून लग्नानंतर घरी बसायच्या, त्यांना अभिनयावर घर चालवता येऊ लागलं. माझंही घर त्याच मालिकांवर चाललंय, हे मी विसरत नाही. पण बारा-तेरा तासांची शिफ्ट आणि रात्री दहाला कळणारा दुसऱ्या दिवशीचा कॉल, यात कुठली नोकरी टिकणार? नोकरी सुटली आणि तिच्याबरोबर जे जे मिळायचं ते सगळंच सुटलं. मालिकांनी त्यातलं काही दिलं नाही.

मालिकेत काम करणं म्हणजे खालच्या पायरीवर उतरणं असंही काही जण मानतात, तेही मला पटत नाही. 'गांधी'तल्या कस्तुरबांसाठी रोहिणी हट्टंगडींना ब्रिटनचा बाफ्टा पुरस्कार मिळाला. त्याच रोहिणीताई 'चार दिवस सासूचे'च्या केंद्रस्थानी होत्या. ही मालिका २००१ ते २०१३ चालली, तीन हजारांवर भाग झाले. 'एवढी मोठी नटी आणि सासूचं काम करते' असं मी तेव्हा लोकांच्या तोंडून ऐकलंय. मला विचाराल तर एवढी वर्षं एकच बाई रोज उभी करायची, लेखक बदलले, दिग्दर्शक बदलले तरी तिचा तोल जाऊ द्यायचा नाही, हे कुठल्याही सिनेमाइतकंच अवघड आहे. त्यासाठी वेगळी पुरस्कारसमिती बसवा असं मी म्हणत नाही, पण त्यावर कधीतरी एक लेख यावा.

आता पैसे. नायिकेचे महिन्याचे दिवस लिहून ठरलेले असतात. बाकीच्यांना बहुधा तोंडी सांगतात, 'पंधरा दिवस पकडून चला ताई.' मग ट्रॅक, म्हणजे कथेचा ओघ, धाकट्या जावेकडे वळतो आणि पंधराचे पाच-सहा होतात. उरलेल्या दिवसांत दुसरं काम घ्यावं तर तेही जमत नाही, कारण इथे कधी बोलावतील याचा नेम नाही. एक मोठा ट्रॅक संपवताना सासूला तीर्थयात्रेला पाठवलं की ती बाई दीड महिना घरी. दिवसाचे पैसे ठरतात तेही केलेल्या दिवसांचेच.

आणि ते मिळतात नव्वद दिवसांनी. हा या धंद्यातला रिवाजच होऊन बसलाय. जानेवारीत केलेल्या कामाचे पैसे एप्रिल-मेमध्ये, टीडीएस कापून, त्यातून काम मिळवून देणाऱ्या को-ऑर्डिनेटरचं कमिशन द्यायचं. नवी मालिका मिळाली म्हणून लोक अभिनंदनाचे फोन करतात तेव्हा त्या घरात पुढचे तीन-चार महिने एक पैसाही येणार नसतो. उलट रिक्षा-टॅक्सी पदरची. ज्यांना निर्माता गाडी पाठवतो त्या थोड्या. आणि मालिका अचानक बंद झाली तर शेवटच्या तीन महिन्यांचे पैसे अडकलेच म्हणून समजा. एका मालिकेत माझेही असे अडकले. त्या मालिकेत एक ज्येष्ठ अभिनेत्री होत्या, फार बोलणाऱ्या नव्हेत. निर्मात्याने त्यांचा चेक काढला, कारण त्यांचं नाव होतं. तो घेऊनसुद्धा त्या दर सोमवारी त्याच्या ऑफिसात जाऊन बसायच्या. पर्समध्ये यादी असायची, स्पॉट दादा, ड्रेस दादा, आम्ही दोघी हेअरड्रेसर, कुणाचे किती बाकी. चहा विचारला तर नको म्हणायच्या, यादी पुढे करायच्या. शेवटी आमचे थोडे थोडे करून मिळाले. त्यानंतर त्या निर्मात्याने त्यांना पुन्हा काम दिलं नाही. या बाईंवर वर्तमानपत्रात आजवर जेवढं आलंय ते सगळं त्यांच्या एका जुन्या सिनेमातल्या गाण्याबद्दल आहे.

नाटकात असं नसतं. प्रयोग संपला की नाइटचं, म्हणजे त्या प्रयोगाच्या पैशांचं, पाकीट हातात मिळतं, कमी का असेना. म्हणूनच त्या अंबाड्याच्या ताई शनिवारी संध्याकाळी घोडबंदरहून निघून ठाण्यातल्या घाणेकर नाट्यगृहात साडेआठचा प्रयोग गाठतात. नाटकातली बाई वेणी घालते, म्हणून अंबाडा रिक्षातच सोडतात. लोक म्हणतात, या वयात किती उत्साह! उत्साह आहेच, नाटकावर त्यांचा जीव आहे. पण ते पाकीटही लागतं.

बाळंतपणाबद्दल थोडक्यात. २०१७ पासून कायद्याने नोकरदार बाईला सव्वीस आठवड्यांची पगारी रजा आहे. रोजावर काम करणाऱ्या अभिनेत्रीला त्यातलं काही मिळत नाही. दिवस राहिले की आधी तिला पदराआड, टेबलामागे, उशी धरून उभं करतात. मग एके दिवशी पडद्यावर पट्टी येते की ही भूमिका यापुढे अमुक साकारतील. बाळ वर्षाचं झाल्यावर ती परत फोन फिरवायला लागते तेव्हा कास्टिंगवाली मुलं नवी असतात आणि तिला म्हणतात, 'मॅडम, प्रोफाइल पाठवून ठेवा.'

म्हातारपणाचं तर विचारूच नका. ३० मे २०२० ला राज्य सरकारने शूटिंग पुन्हा सुरू करायची नियमावली काढली, त्यात ६५ वर्षांवरच्या कलाकार-तंत्रज्ञांना सेटवर यायला मनाई होती. तेव्हा आमच्याकडे जी घबराट उडाली ती करोनाची कमी आणि त्या अटीची जास्त होती. आजी-आजोबांची कामं करणारे सगळेच घरी बसणार होते, आणि घरी बसल्यावर यायचे ते मागच्या कामाचे नव्वद दिवस, पुढे शून्य. एक ज्येष्ठ अभिनेते मुंबई उच्च न्यायालयात गेले आणि ७ ऑगस्टला न्यायालयाने ती अट रद्द केली. मी त्या निकालाच्या बाजूची आहे. वयावरून कुणाचं काम काढून घेणं बरोबर नव्हतं. पण पुढच्याच महिन्यात साताऱ्याकडे एका मालिकेच्या शूटिंगमध्ये करोना पसरला आणि २२ सप्टेंबरला ज्येष्ठ अभिनेत्री आशालता वाबगावकर गेल्या. 'मत्स्यगंधा' नाटकातली त्यांची गाणी ज्यांनी ऐकली आहेत त्यांना त्या काय होत्या हे सांगायला नको. वय ७९. आपण सगळ्यांनी हळहळ व्यक्त केली. त्या आठवड्यात एकाही ठिकाणी मला असं वाचायला मिळालं नाही की या वयाच्या कलावंतांसाठी सेटवर डॉक्टर आहे का, विमा आहे का, आणि आजारी पडून महिनाभर घरी राहिलं तर त्यांना कोण काय देतं. राज्य सरकारचं ज्येष्ठ साहित्यिक-कलाकारांचं मानधन आता महिना ५,००० रुपये आहे, तेही ज्यांचं उत्पन्न फारच थोडं त्यांना. ज्यांनी आयुष्यभर रोज कमावलं आणि रोज खर्चलं त्या मधल्या बायका कशातच बसत नाहीत.

केरळमध्ये २०१७ ला तिथल्या सिनेमात काम करणाऱ्या बायकांचे प्रश्न तपासायला न्यायमूर्ती हेमा समिती नेमली गेली. तिघींच्या त्या समितीत शारदा या स्वतः अभिनेत्री होत्या. अहवाल डिसेंबर २०१९ ला सरकारकडे गेला आणि लोकांपुढे यायला १९ ऑगस्ट २०२४ उजाडला. त्यातल्या लैंगिक छळाच्या भागावर आपल्याकडे खूप चर्चा झाली, व्हायलाच हवी होती. पण त्याच अहवालात असंही आहे की सेटवर धड शौचालय नसतं, कपडे बदलायला जागा नसते, म्हणून बायका पाणीच पीत नाहीत आणि मग लघवीचे आजार होतात. हे वाचून मला रडू आलं, कारण आउटडोअरला आम्ही सगळ्या हेच करत आलोय. वाईकडच्या माळावर, उन्हात, नऊवारी नेसून, वर दागिने चढवलेली बाई दुपारी चारपर्यंत एक घोट पाणी पीत नाही. नऊवारी सोडून परत नेसायला वीस मिनिटं लागतात आणि तेवढा वेळ युनिट थांबवणार कोण? आता मोठ्या सेटवर व्हॅनिटी व्हॅन असते. तिच्यावर नावाची पाटी मात्र दोघा-तिघांचीच.

विषय निघालाच आहे म्हणून आमच्याबद्दलही एक ओळ. आमच्या संघटनेत बायकांना फक्त हेअरड्रेसरचं कार्ड मिळायचं, मेकअपचं पुरुषांना. १० नोव्हेंबर २०१४ ला सर्वोच्च न्यायालयाने मेकअप आर्टिस्ट चारू खुराना यांच्या खटल्यात ते बेकायदा ठरवलं. त्याआधी किती वर्षं अभिनेत्रींच्या चेहऱ्याला पुरुषाचाच हात लागायचा, आणि अवघडलेल्या कितीजणी माझा हात घट्ट धरून बसायच्या. तो निकाल आला तेव्हा मेकअप रूममधल्या अभिनेत्रींनाच आमच्यापेक्षा जास्त आनंद झाला होता.

करारासाठी मी हे पत्र लिहायला घेतलं, त्याकडे येते. १९८१ चा सिने कामगारांचा कायदा सिनेमापुरता होता, मालिका त्यात बसतच नव्हत्या. २०२० च्या व्यावसायिक सुरक्षा, आरोग्य आणि कार्यस्थिती संहितेत 'दृकश्राव्य कामगार' आले. त्यात अभिनेत्री आली, नर्तक आले, निवेदक, डबिंग कलाकार, स्टंटवाले आले. मालिका, वेबमालिका, रिॲलिटी शो सगळं आलं. लेखी करार झाल्याशिवाय अशा कामगाराला कामावर घेता येणार नाही असं त्यात स्पष्ट म्हटलंय. करारात काम काय, पैसे किती, तास किती, भविष्य निर्वाह निधीचं काय, सुरक्षिततेचं काय आणि वाद झाला तर तो कसा सोडवायचा हे सगळं असायला हवं. केंद्र सरकारने २१ नोव्हेंबर २०२५ पासून कामगार संहिता लागू केल्या. ही बातमी आपणही पहिल्या पानावर दिली होती, कारखान्यांचा आणि आयटीवाल्यांचा उल्लेख होता. मेकअप रूममध्ये मी ती मोठ्याने वाचून दाखवली तेव्हा कुणाला वाटलंच नाही की यात आपणही आहोत.

आज परिस्थिती अशी आहे की नायिकेचा करार पन्नास पानी असतो आणि चॅनेलच्या बाजूने पक्का बांधलेला असतो. दुसऱ्या कुठे काम करायचं नाही, केस कापायचे नाहीत, सोशल मीडियावर काय टाकायचं तेही विचारून. सही करून ती एकच प्रत ते घेऊन जातात, हिच्या हातात काही राहत नाही. आणि काकू, आत्या, मावशी, शेजारीण यांची सगळी बोलणी फोनवर. पैसे बुडाले तर त्या दाखवणार काय?

म्हणून माझी आपल्याला अगदी साधी विनंती आहे. आपले बातमीदार मालिकांच्या सेटवर नेहमी येतात, आम्ही त्यांना ओळखतो, चांगली मुलं आहेत. त्यांनी मुलाखतीत आवडता पदार्थ आणि पहिलं क्रश विचारावं, त्याबद्दल माझं काही म्हणणं नाही. त्याबरोबर हेही विचारावं की लेखी करार झालाय का, त्याची प्रत तुमच्याकडे आहे का, मागच्या मालिकेचे सगळे पैसे मिळाले का. एका मालिकेबद्दल छापून आलं तर बाकीचे निर्माते सावध होतील, एवढी वर्तमानपत्राची ताकद अजून आहे. मालिका बंद होते तेव्हा 'चाहते भावुक' ही बातमी द्याच, पण पंधरा दिवसांनी परत एकदा फोन करा आणि कुणाचे किती बाकी राहिले ते छापा. मालिकेवर लिहाल तेव्हा सासूचं, मोलकरणीचं, शेजारणीचं काम करणाऱ्या बाईचं खरं नाव लिहा. श्रेयनामावली टीव्हीवर इतक्या वेगात पळवतात की तिच्या आईलाही ती वाचता येत नाही. आणि कुणा जुन्या अभिनेत्रीबद्दल 'हल्ली दिसत नाहीत' असं लिहायच्या आधी एक फोन करून विचारा की सध्या काय चालू आहे. नंबर आमच्यापैकी कुणीही देईल.

आपल्याकडून कुणी येणार असेल तर सकाळी साडेसहाला यावं. नायिकेची गाडी दहा-अकराच्या सुमारास येते, तोवर मेकअप रूममध्ये या सगळ्या जणी असतात आणि बोलायला वेळही असतो.

पत्राखाली माझं नाव छापू नये, ही विनंती. पुढच्या महिन्यात नव्या मालिकेवर लागायचंय.

आपली नम्र,
एक हेअरड्रेसर
मुंबई